णाणासाहेबांचा उन्हाळा

मे महिना लागला की आमची बिल्डिंग गावाला जाते. शाळांचे निकाल हातात पडायच्या आधीच जिन्यावरून बॅगा उतरायला लागतात, दारांना कुलपं चढतात आणि शेजारणी माझ्याकडे किल्ल्या आणून देतात. वसई पूर्वेला, एव्हरशाईन सिटीच्या पलीकडच्या एका गल्लीतली ही चार मजली बिल्डिंग. तिच्यातला मी सगळ्यात जुना रहिवासी आणि एकटा राहणारा एकमेव माणूस. त्यामुळे दर उन्हाळ्यात माझ्या ताब्यात नऊ-दहा घरांच्या किल्ल्या, चार तुळशी आणि एक पोपट येतो. पोपट गेल्या वर्षी वारला. आता तुळशीच उरल्या आहेत. दहा घरांच्या किल्ल्या खिशात असताना जायला एकही घर नसतं, ही गोष्ट मी कुणाला सांगत नाही. सांगितली तर लोक जेवायला बोलावतात, आणि तेही जूनमध्ये.

दुपारी मी एकेक घर उघडून तुळशीला पाणी घालतो. बंद घरांना एक वास असतो, डांबराच्या गोळ्यांचा आणि थांबलेल्या कॅलेंडरचा. नळ सोडला की जरा खोकून पाणी येतं. आता येतं. नव्वदीच्या मध्यावर, मी इथे नवा होतो तेव्हा, ते येत नसे. तेव्हा टँकर यायचा आणि तापलेल्या धुळीवर त्याचा जाड रबरी पाइप पडला की एक ओलसर, जळका वास सुटायचा. आजही समोरचा वॉचमन पाइपने कुणाची गाडी धुवायला लागला की तो वास जिना चढून वर येतो. मग मला हातातलं काम ठेवून बसावं लागतं, कारण त्या वासाबरोबर हरेश्वर म्हात्रे येतो.

त्या वर्षी मी पस्तिशीचा होतो. एका हायस्कुलात मराठी शिकवत होतो. आधीच्या हिवाळ्यात आई गेली होती, त्यामुळे सुट्टीत देशावर जायला कारण उरलं नव्हतं. काकांचं पत्र आलं होतं, ‘वाटलं तर ये.’ मला वाटलं नाही. बिल्डिंग रिकामी झाली आणि मी रोज सकाळी अकराला शाळेत जाऊन बसू लागलो. शाळेला सुट्टी होती, पण ऑफिस चालू असे. ऑफिसात एक पंखा होता, एक माठ होता आणि शाळेचा क्लार्क हरेश्वर होता.

हरेश्वर जूचंद्रचा. घरी खाडीकाठची भातशेती, विहिरीवर थोडा भाजीपाला, आई आणि तो. स्कूटरवरून यायचा. त्याच्याकडे दोन मराठ्या होत्या. एक दाखल्यांवर लिहायची आणि मुख्याध्यापकांशी बोलायची. दुसरी घरची. पहिल्याच आठवड्यात त्याने मला घरच्या मराठीत विचारलं होतं, “काय रं मास्तर, पानी पिलास का?” आणि मला एकदम बरं वाटलं होतं. शाळेत मी ‘सर’ होतो, बिल्डिंगमध्ये ‘अहो सर’ होतो, बँकेत ‘साहेब’ होतो. आई गेल्यावर मला ‘अरे’ म्हणणारा माणूस जगात उरला नाही, असा माझा समज झाला होता. हरेश्वरने तो काही न विचारता खोटा पाडला.

नायगाव-जूचंद्रकडच्या भाताच्या आणि मिठागरांच्या गावांत बोलताना ‘ण’ फारसा लागत नाही. पानी, लोनी, कोन, म्हनजे. हजारो माणसं पिढ्यान्‌पिढ्या त्यावाचून जेवली, भांडली, लग्नं केली. अडचण आली ती माझ्यासारख्यांची. मी मुलांच्या वह्यांतल्या प्रत्येक ‘पानी’ला लाल गोल करायचो. हे माझं काम होतं आणि मी ते निष्ठेने करायचो.

त्या मे महिन्यात एका दुपारी हरेश्वरने कपाटातून स्नेहसंमेलनातली शाल काढली, खांद्यावर टाकली, पोट पुढे काढलं आणि रिकाम्या खुर्च्यांसमोर उभा राहिला.

“णमस्कार,” तो म्हणाला. “मी माणणीय णाणासाहेब. मी णेता णाही. मी जणतेचा णम्र सेवक.”

मी इतका हसलो की माठावरचं झाकण पडलं. आईच्या दिवसांनंतर मी पहिल्यांदा हसलो होतो, तेही मला हसू थांबल्यावर लक्षात आलं.

“हे रे कुठून आणलंस?”

“आनायचं कनाला? आमच्यातच हाय. आमच्यातला मानूस जरा पुढं गेला का ‘न’ला घाबरतो. आमचा काका सोसायटीचा चेअरमन झाला, तवापासून घरात बी ‘ण’ बोलतो. काकीला बोलला, ‘णारळ आण.’ काकीला वाटला, याच्या दातात कायतरी अडकलंय.”

हे मला नीट सांगून ठेवायला हवं. णाणासाहेब हरेश्वरचे होते. त्यांच्यातला तो घाबरलेला ‘ण’ त्याने घरात ऐकलेला होता आणि त्याच्या हसण्यात काकाबद्दलची माया होती. माझं त्यात काही नव्हतं. मी फक्त एक वही काढली.

शाळेची संमेलनं आणि निम्म्या वसईची लग्नं शूट करणारा मनवेल आमचा तिसरा. त्याच्याकडे खांद्यावर घ्यायचा कॅमेरा होता आणि मे महिन्यातल्या लग्नांच्या मधे मोकळे दिवस होते. त्याचा मेहुणा केबल चालवायचा. केबलवर एक घरचं चॅनल असे, त्यावर दिवसभर साड्यांच्या दुकानांच्या आणि क्लासेसच्या पाट्या सरकायच्या आणि रविवारी दुपारी सिनेमा लागायचा. सिनेमाच्या आधीची पंधरा मिनिटं मेहुण्याने आम्हांला दिली. त्याला फक्त एवढंच हवं होतं की पाट्या सरकत राहाव्यात. त्या सरकत राहिल्या. णाणासाहेबांच्या छातीवरून महिनाभर एका शिवणक्लासची जाहिरात गेली.

कार्यक्रमाचं नाव ‘एका कार्यकर्त्याचा दिवस’. खऱ्या माहितीपटासारखाच करायचा, ही कल्पना माझी. कॅमेरा णाणासाहेबांच्या मागे मागे फिरणार. मी दिसणार नाही, फक्त गंभीर आवाजात प्रश्न विचारणार. णाणासाहेबांना पद नाही, पक्ष नाही, पण पांढरा झब्बा आहे आणि एक प्लास्टिकची पिशवी. पिशवीत त्यांचा स्वतःचा हार, स्वतःची शाल, स्वतःचा नारळ आणि फीत कापायची कात्री. ते कुठेही जातात, पिशवीतला हार समोरच्या माणसाच्या हातात देतात आणि मान पुढे करतात. माणूस गोंधळून हार घालतो. णाणासाहेब सद्गदित होतात. हार काढून परत पिशवीत. तोच नारळ शेवटपर्यंत चालला. पुढे पुढे तो हलवला तरी आतून आवाज येत नसे.

पहिल्या भागात ते बांधून तयार असलेल्या पण कोरड्या टाकीची पाहणी करतात. मी विचारलं, “णाणासाहेब, टाकीत काय दिसतं?”

त्यांनी आत डोकावून बराच वेळ पाहिलं. “शांतता,” ते म्हणाले.

“पाणी कधी येणार?”

“पाहणी चालू आहे.”

“कसली पाहणी?”

“पाणी णाही, याची.”

टाकीखाली हंडे घेऊन उभ्या असलेल्या बायका खऱ्या होत्या. त्यांना आम्ही काही सांगितलं नव्हतं. एकीने तोंडाला पदर लावला, दुसरीने त्यांना नमस्कार केला. मनवेल कॅमेऱ्यामागून पुटपुटला, “सर, ती बाई खरंच नमस्कार करते हां. कट करू का?” मी म्हणालो, राहू दे. ते पाहताना सगळ्यांत जास्त लोक तिथे हसले.

तीन रविवारांत ‘पाहणी चालू आहे’ हे वाक्य वसईत सगळीकडे झालं. गॅरेजवाला स्कूटर दुरुस्त झाली नसेल तर म्हणायचा, “पाहणी चालू आहे.” लग्न न जमणाऱ्या मुलाचा बाप म्हणायचा. डॉक्टरांच्या दाराशी बसलेली माणसं एकमेकांना म्हणायची. टँकरच्या रांगेत ओळखदेख नसलेले लोक, कुणी रत्नागिरीचं, कुणी साताऱ्याचं, कुणी गिरगावातून जागा विकून आलेलं, एकमेकांकडे बघून “णमस्कार” म्हणायचे आणि हसायचे. नव्या वस्तीत माणसांना एकत्र हसायला काही नसतं. कुणाचं गाव एक नाही, देव एक नाही, सण करायची पद्धत एक नाही. णाणासाहेबांनी त्यांना एक विनोद दिला आणि तेवढ्यापुरतं ते शेजारी झाले. हे मी आजही त्यांच्या खात्यावर चांगलं म्हणून धरतो.

पण विनोद हवेतल्या हवेत फुटत नाही, कुणावर तरी पडतो, आणि पडताना वजन बघून पडतो. मी लिहीत होतो ते मोठेपणाविरुद्ध. स्टेज, शाल, ‘शुभहस्ते’, ‘दोन शब्द बोलतील’ म्हटल्यावरचा पाऊण तास, या सगळ्यावर मला जुना राग होता. मला वाटलं, आता पुढारी जरा लाजतील. पुढारी लाजले नाहीत. एका उगवत्या नेत्याने तर सभेत स्वतःच “णमस्कार” म्हणून टाळ्या घेतल्या आणि स्टेशनजवळ स्वतःच्या फोटोखाली ‘पाहणी नव्हे, पाणी!’ असा बोर्ड लावला. एका केशकर्तनालयाच्या उद्घाटनाला खऱ्या पत्रिकेवर ‘मा. णाणासाहेब यांच्या शुभहस्ते’ असं छापून आलं, आणि हरेश्वरने जाऊन पिशवीतल्या कात्रीने खरी फीत कापली. मोठेपणाचं पोट मोठं असतं. आम्ही टाकलेला दगड त्याने पेढ्यासारखा खाल्ला.

लाज दुसरीकडेच वाटायला लागली होती. जूचंद्रची मुलं दुकानात ‘पानी’ म्हणायची आणि मागून कुणीतरी ओरडायचं, “ए णाणा!” बिल्डिंगमधली गावाला न गेलेली दोन-तीन पोरं येणाऱ्या-जाणाऱ्या भाजीवाल्यांना ‘पाणी म्हणा, पाणी म्हणा’ करून सतावायची. मी गॅलरीतून ते बघत होतो. माझ्या लाल गोलांना आता फक्त आवाज फुटला होता.

हरेश्वरची आई त्या दिवसांत आमच्या बिल्डिंगच्या गेटपाशी बसायची. मळ्यातली काकडी, वांगी, दुधी, आणि मे महिन्यात ताडगोळे. लुगडं घट्ट नेसलेली, काळी, सडसडीत, फार बोलत नसे. मी तिच्याकडूनच भाजी घ्यायचो. तिचा मुलगा म्हणायचा तसं तीही मला ‘मास्तर’ म्हणायची. तिला वाटे, ते माझं नावच आहे.

तिसरा भाग लागला त्याच्या दुसऱ्या दिवशी मी काकडी घ्यायला वाकलो आणि ती म्हणाली, “घ्या णा मास्तर. कालची णाहीत, आजचीच हायेत.”

मला वाटलं, थट्टा करते आहे. मी हसून वर बघितलं. तिच्या चेहऱ्यावर थट्टा नव्हती. पाहुण्यांसमोर नवी बशी काढावी, तसं तिने ते वाक्य काढलं होतं.

“वा,” मी म्हणालो, “बोलणं बदललं वाटतं.”

ती लाजली. “आमचा हरेश्वर टीव्हीत बोलतो णा? तसं बोलायचं. इथली लोकां तसंच बोलतात णा. मी शिकते आता. गिऱ्हाईक बी खूष हाय, सगळी हसतात.”

माझ्या लक्षात यायला क्षणभर लागला. तिला टीव्हीत विनोद दिसतच नव्हता. पांढरे कपडे घातलेला, गळ्यात हार असलेला, कॅमेऱ्यासमोर न अडखळता बोलणारा आपला मुलगा दिसत होता. लोक हसत होते, ते ती कौतुक म्हणून घेत होती. मुलगा सुधारला, शहराचं बोलायला लागला, तर आपण मागे कशाला, असं तिने ठरवलं होतं. घरात ती तशी बोलत नसे, घरात काय गरज? ही तिची बाहेर पडतानाची मराठी होती, गेटपाशी बसताना नेसायची.

मी काकडी घेतली. वर येऊन वही उघडली आणि ते वाक्य लिहून ठेवलं. ‘कालची णाहीत, आजचीच.’ खाली रेघ मारली. चांगलं वाक्य होतं.

हरेश्वरला मी सांगितलं नाही. रोज सांगेन म्हणायचो. रोज अकराला ऑफिसात जायचो, तो “आयलास?” म्हणायचा, मनवेल यायचा, आम्ही तिघं पुढच्या भागावर भांडायचो, हरेश्वर डब्यातली भाकरी मोडून अर्धी माझ्यापुढे ठेवायचा. सांगितलं असतं तर त्याच दुपारी णाणासाहेब संपले असते. आणि मग मी, टँकर आणि बारा बंद दारं. मला तो उन्हाळा संपायला नको होता, एवढंच. त्यासाठी एका बाईचं दहा-बारा दिवस गेटपाशी हसं होऊ दिलं. याहून मोठं कारण शोधायचा मी प्रयत्न करून पाहिला आहे. सापडलं नाही.

मेच्या शेवटी त्या उगवत्या नेत्याने पाणपोईचं उद्घाटन ठेवलं. पाणपोई म्हणजे ताडपत्रीखाली दोन माठ आणि साखळीला बांधलेला एक पेला. स्टेज मात्र असं की त्यावर दोनशे माठ मावले असते. प्रमुख पाहुणे म्हणून णाणासाहेबांना बोलावलं. हरेश्वर नको म्हणत होता. “पुरं आता, मास्तर. कंटाळा आयला. परवा आमच्या आळीतली पोरां मना घरात णाणा बोलली.” मी म्हणालो, एकच. खरा पुढारी आणि खोटा पुढारी एका स्टेजवर, यापेक्षा चांगला शेवटचा भाग मिळायचा नाही. “बरं,” तो म्हणाला, “तुझ्यासाठी.”

संध्याकाळचे पाच वाजले होते. ऊन तिरपं होऊन मंडपात घुसलं होतं. मी मनवेलच्या शेजारी, कॅमेऱ्याला लागून उभा. भाषणं झाली, माठांना हार घातले गेले. मग निवेदकाने जाहीर केलं की णाणासाहेबांच्या मातोश्री आपल्यात उपस्थित आहेत. ती खरंच आली होती, मुलाला स्टेजवर बघायला, मागच्या रांगेत, नवं लुगडं नेसून. तिला वर नेलं. खरी शाल घातली, खरा नारळ दिला. आणि निवेदक म्हणाला, “मातोश्री दोन शब्द बोलतील.”

हरेश्वर खुर्चीतून अर्धा उठला. तोवर तिच्या हातात माइक होता.

“णमस्कार,” ती म्हणाली.

मंडप फुटला. तिने थांबून ते हसणं संपू दिलं. भाषणात टाळ्या संपेपर्यंत थांबायचं असतं, हे तिने टीव्हीत बघितलं होतं.

“माझा पोरगा टीव्हीत चांगला बोलतो. मी काय शिकले णाय. त्याच्या बापाला लय वाटायचं, पोरगा मोठ्या माणसावाणी बोलावा. तो बघायला णाय ऱ्हायला. मी आता पोराचं ऐकूण ऐकूण शिकते.”

प्रत्येक ‘ण’ला लोक पोट धरत होते. ती हसऱ्या चेहऱ्याने सगळ्यांकडे बघत होती. नेते डोळे पुसत होते.

हरेश्वर तिच्याजवळ गेला. झब्बा, हार, शाल, सगळं तसंच. त्याने तिच्या हातावर हात ठेवला आणि हळू म्हणाला, “आय, चल घरा.” माइक चालू होता. लोकांनी शिट्ट्या मारल्या.

तो लोकांकडे वळला. “हसू नका,” तो म्हणाला. ते आणखी हसले. “खरंच हसू नका. आई आहे ती माझी.” मागून कुणीतरी ओरडलं, “पाहणी चालू आहे!” आणि ताडपत्री हलली.

तेव्हा त्याने आमच्याकडे बघितलं. कॅमेऱ्याकडे नाही, माझ्याकडे. एवढ्या माणसांत एकाला तरी कळलं असेल, म्हणून बघितलं असणार.

मी हसत होतो. पहिल्या ‘णमस्कार’लाच सुरू झालेलं हसू माझ्या तोंडावर तसंच राहिलं होतं. आत काहीतरी चिरत गेलेलं मला कळत होतं, पण चेहऱ्याला ते अजून पोहोचलं नव्हतं.

आईला रिक्षात बसवून तो परत आला. झब्ब्यावर हाराच्या पाकळ्या चिकटल्या होत्या. मनवेल खाली बघून वायर गुंडाळत होता.

“मास्तर,” हरेश्वर म्हणाला, “ती गेटवर बी अशीच बोलते?”

मी वायरीचं एक टोक उचलून मनवेलच्या हातात दिलं.

“तुना ठाव व्हतं?”

हो म्हणायला एक अक्षर पुरलं असतं. मी मराठीचा शिक्षक. मी म्हणालो, “अरे, असं होतं. बोलीतला माणूस प्रमाणभाषेकडे जायला लागला की असं होतं. याला अतिशुद्धी म्हणतात.”

त्याने माझं बोलणं शेवटपर्यंत ऐकलं. मग म्हणाला, “म्हनजे ठाव व्हतं.”

ते त्याचं माझ्याशी घरच्या भाषेतलं शेवटचं वाक्य.

सोमवारी मी अकराला ऑफिसात गेलो. तो दाखले लिहीत होता. उठून उभा राहिला. “नमस्कार सर,” तो म्हणाला. ‘न’ अगदी जागेवर. “बसा ना. पाणी घेणार? आपला अर्जित रजेचा अर्ज अजून आलेला नाही. कृपया या आठवड्यात द्यावा.” ‘पाणी’तला ‘ण’सुद्धा निर्दोष होता. मी त्याच्या तोंडाकडे बघत राहिलो. भांडला असता, ओरडला असता, वही फाडली असती, तर मला काहीतरी म्हणता आलं असतं. तो शुद्ध बोलत होता. शुद्ध बोलणाऱ्या माणसाला मी काय म्हणणार?

पुढची बारा वर्षं, मी शाळा सोडेपर्यंत, आम्ही एकाच शाळेत काढली. निरोपसमारंभ झाले, परीक्षा झाल्या, एकदा मला ताप असताना त्याने माझी औषधं आणून दिली आणि दारातूनच म्हणाला, “काळजी घ्या सर.” मी दोन-तीनदा माफी मागितली. “असू द्या सर. त्यात काय एवढं,” तो म्हणायचा, इतक्या सौजन्याने की पुढे बोलताच येऊ नये. त्याची आई दुसऱ्याच महिन्यात परत गेटपाशी बसायला लागली होती, पण बोलायची बंद झाली. भाव बोटांनी दाखवायची. लोकांना तेही सोयीचं वाटलं.

णाणासाहेबांना वस्ती विसरली. नवी चॅनलं आली, मेहुण्याचं केबल मोठ्या केबलात गेलं. ‘पाहणी चालू आहे’ मात्र अजून कुठेतरी ऐकू येतं. परवा दुधाच्या दुकानात विशीतला एक मुलगा म्हणाला. त्याला विचारलं, हे कुठलं रे? “कुठलं म्हणजे? असंच. बोलतात सगळे.” बरोबर आहे. शब्दाला राहायला माणूस लागत नाही.

मी वर्गात लाल गोल करणं त्याच जूनपासून सोडलं. मुलं परीक्षेत नापास होतील म्हणून समासात शिसपेनने लहानसा ‘ण’ काढायचो, खोडता येईल असा. त्याने कुणाचं काही भलं झालं का, ते ठाऊक नाही.

यंदाच्या मेमध्ये मनवेल आला. त्याचा आता स्टुडिओ आहे, जुन्या लग्नांच्या कॅसेट तो सीडीवर उतरवून देतो. “सर, हे तुमचं. पाणपोईचं. दाखवलं नव्हतं ना आपण कधी.” सीडीवर त्याने स्केचपेनने ‘शेवटचा भाग’ लिहिलं होतं. ती चार दिवस माझ्या टेबलावर पडून होती. बंद घरांच्या किल्ल्यांशेजारी. पाचव्या दिवशी मी रिक्षा केली आणि जूचंद्रला गेलो. वाटलं, ही त्याची वस्तू आहे, त्याच्या हातात द्यावी. खरं म्हणजे वाटलं, वस्तू देताना तो कदाचित चुकेल. एखादा ‘तू’ निसटेल.

जूचंद्रकडचा रस्ता आता ओळखू येत नाही. खाचरांवर टॉवर उभे आहेत, उरलेल्या खाचरांत त्यांची सावली पडते. हरेश्वरचं घर तसंच होतं, पुढे पत्र्याची पडवी वाढलेली. तो दारात आला. केस पिकलेत.

“या ना सर. बसा. उन्हाचं कशाला आलात?”

आई आतून पाणी घेऊन आली. वाकली आहे आता. माझ्यापुढे तांब्या ठेवला, बघितलं, मान हलवली, आत गेली. एक शब्द नाही.

मी सीडी पुढे केली. काय आहे ते सांगितलं. त्याने ती हातात घेतली, अक्षर वाचलं आणि परत माझ्यापुढे ठेवली.

“आमच्याकडे प्लेअर नाही सर.”

टीव्हीखाली प्लेअरचा हिरवा दिवा चालू होता. आम्ही दोघांनी तो बघितला आणि दोघांनीही तो न बघितल्यासारखं केलं. मग शाळेची चौकशी झाली, माझ्या गुडघ्यांची झाली, यंदाच्या निकालाची झाली. दहा मिनिटांत सगळं बोलून संपलं. मी सीडी पिशवीत टाकली आणि उठलो.

“येतो,” मी म्हणालो.

“या सर. सावकाश जा.”

तो आत वळला. मी पडवीत चपला घालायला खाली बसलो. गुडघे दुखतात, वेळ लागतो. आतून भांड्याचा आवाज आला आणि मग तिचा आवाज. इतक्या वर्षांत मी तो ऐकला नव्हता. जाड झाला होता, पण चालत होता झपझप, एकामागून एक, सगळे ‘न’ मोकळे. ती त्याला कुणाच्यातरी म्हशीबद्दल काहीतरी सांगत होती, तो मधे मधे “हां, मंग?” म्हणत होता आणि हसत होता. अर्धं मला कळत नव्हतं. मी चपलेचा बंद हातात धरून तसाच बसून राहिलो.

मग तिने विचारलं, “तो मास्तर गेला का रं?”



“गेला,” हरेश्वर म्हणाला.

‘गेले’ नाही. ‘सर गेले’ नाही. ‘गेला’.

मी श्वास धरला. आणखी एक आवाज झाला असता तर तो बाहेर आला असता आणि म्हणाला असता, अरेच्चा सर, तुम्ही अजून आहात? त्याचं म्हणणं खोटं पडू नये म्हणून मी चपला हातात घेतल्या आणि तापलेल्या अंगणातून अनवाणी बाहेर पडलो.